डेन्मार्कवालीचा डावा हात

डेन्मार्क नकाशात कुठे आहे ते मला आजही धड दाखवता यायचं नाही. पण तिथल्या एका बाईनं जोडीदारीण कधी बदलली, गुडघा कधी दुखावला, कुठल्या सामन्यात ती पंचांवर डोळे वटारून बघत राहिली, ते मला विचारा. झोपेतून उठवून विचारा. तिचं नाव घरात कुणाच्याच जिभेवर नीट बसेना, म्हणून आम्ही तिला डेन्मार्कवाली म्हणायचो. मागच्या गल्लीत राहते आणि दुपारी विरजण मागायला येते, अशा थाटात तिच्याबद्दल बोलायचो.

मी जळगावात घरच्या घरी ब्लाउज आणि लहान मुलींचे फ्रॉक शिवते. खेळाशी माझा संबंध म्हणाल तर लेकीची रॅकेट पिशवीत भरण्यापुरता. तोंडानं मात्र मी फटकळ, हे आधीच सांगून ठेवते. नवरा धुळ्याला नोकरीला, शनिवारी येतो, सोमवारी पहाटेच्या गाडीनं जातो, त्यामुळे आठवडाभराचं भांडण मला साठवून ठेवावं लागतं.

या सगळ्याची सुरुवात माझ्या लेकीच्या हातापासून झाली. खरं तर माझ्याच हातापासून, पण ते घरात कुणाला ठाऊक नव्हतं.

मी जामनेरची. जन्माची डावरी. चमचा डाव्या हातात, खडू डाव्या हातात, आरतीचं ताट आलं की डावाच हात आधी पुढे. माझ्या आईनं त्यावर आमच्याकडचा जुना उपाय केला. फ्रॉकची डावी बाही लांब ठेवायची आणि तोंड शिवून टाकायचं. बाहीची पिशवीच होते. आत बोटं असतात, पण त्यांना काही धरता येत नाही. मे महिन्यात खान्देशात काय उकडतं ते मी सांगायला नको. त्या पिशवीत माझा हात घामानं भिजून पांढरा पडायचा, आणि रात्री आई बाही काढून त्यावर खोबरेल चोळायची. चोळताना तीही रडायची, हे मला आठवतं. शाळेत जाईपर्यंत मी उजवी झाले. लग्न ठरलं तेव्हा आईनं कानात सांगितलं, "सासरी बोलू नको हं काही." मी बोलले नाही. नवऱ्यालाही नाही. त्यानं कधी विचारलं नाही, आणि माणूस आपणहून सांगायला जाईल असं ते काही नव्हतं.

मग मला लेक झाली आणि तिनं पहिला खुळखुळा धरला तो डाव्या हातात. मी गारच पडले.

अक्का, म्हणजे माझ्या सासूबाई, तेव्हा आमच्याकडेच राहायच्या. एरवी बाई मायाळू, पण हाताच्या बाबतीत अडून बसायच्या. पोरगी सहाएक वर्षांची झाली तसं त्यांनी मशीनकडे बोट दाखवून सांगितलं, बाहीला तळ लाव. मी म्हटलं, नाही लावणार. का, तर नाही. खरं कारण सांगायची सोय नव्हती, म्हणून मी नुसती भांडत राहिले. माझं बोलणं कसं होतं माहीत आहे का? आवाज मोठा आणि हातात पुरावा शून्य. अक्का शांतपणे शेंगा फोडत बसायच्या आणि माझा दम संपला की म्हणायच्या, "झालं? आता बाही शिव."

त्याच दिवसांत लेकीला मी जवळच्या हॉलमध्ये बॅडमिंटनला घातलं. पत्र्याची शेड, उन्हाळ्यात आत भाजून निघायचं, पण पोरगी रमली. तिथल्या सरांनी पहिल्याच आठवड्यात मला थांबवून सांगितलं की डावखुरी मुलगी दुहेरीला सोन्यासारखी. शेजारी उजवी जोडीदारीण दिली की दोघींचे फटके मधोमध येतात, समोरच्यांना कळत नाही मारायचं कुठे. मी ते वाक्य पदरात बांधून घरी आणलं. अक्कांनी ऐकलं आणि म्हणाल्या, सर पुरुष आहेत, त्यांना काय कळतं.

आणि मग एका दुपारी फोनवर ती दिसली. लेकीसाठी म्हणून मी बॅडमिंटनचे व्हिडिओ शोधत होते. कुणी तरी चालवलेलं एक चॅनल सापडलं, सगळे तुकडे याच एका बाईचे. उंच, पिंगट केस मागे घट्ट बांधलेले, नेटपाशी वाकून उभी आणि रॅकेट डाव्या हातात! तिनं समोरून आलेलं शटल असं काही खाली दाबलं की मी मशीनवरून उठलेच. तसाच फोन घेऊन अक्कांच्या नाकासमोर धरला.

"बघा! ही बाई जगभर फिरते, मेडलं घेते. कोणता हात आहे, बोला!"

अक्कांनी फोन हातात घेतला, लांब धरला, जवळ धरला. तुकडा दोनदा पाहिला. मग म्हणाल्या, "गोरी शे ती. तिले बठ्ठं चालस." गोऱ्या बाईला म्हणे सगळंच चालतं!

पण त्या दिवसानंतर त्यांनी बाहीचा विषय काढला नाही. आणि आठवड्यानं दुपारच्या चहाला मला विचारलं, "आज खेळनी का वं ती?" तेव्हा मी काय ते ओळखलं.

तेव्हापासून डेन्मार्कवाली आमच्या घरची झाली. मी त्या चॅनलची घंटी दाबून ठेवली होती. एकच चॅनल, दुसरं काही बघायची मला गरजच वाटली नाही. तुकडे लहान असायचे, तिच्यावरच जवळून कापलेले. समोरच्या दोघी लांब, कोथिंबिरीच्या काडीएवढ्या. पाठीमागच्या फलकांवरची अक्षरं मला काही केल्या लागायची नाहीत. मी समजले, डेन्मार्कची भाषा असेल. तिच्या शेजारी खेळणारी जोडीदारीणही डावखुरी. मग मी माझ्या डोक्यानं एक सिद्धांत काढला आणि तो गल्लीभर सांगितला. त्या देशात डाव्या हाताला कुणी वाईट म्हणत नाही, कुणाच्या बाह्या शिवत नाहीत, म्हणून निम्मी माणसं डावखुरीच वाढतात! मला हे इतकं पटलं होतं की मशीन चालवता चालवता कधी कधी मला डेन्मार्कचा हेवा वाटायचा आणि डोळ्यांत पाणी यायचं.

तिच्या खेळात आम्हाला धक्के काही कमी बसले नाहीत. पहिला बसला तो जोडी मोडली तेव्हा. किती वर्षं दोघी एकत्र खेळलेल्या, एकमेकींकडे न बघता जागा बदलायच्या, एकीचा पाय घसरला की दुसरी तिथे हजर. आणि एक दिवस तिच्या शेजारी भलतीच मुलगी! मी लेकीला हाक मारली.

"भांडण झालं का गं यांचं?"

"नाही आई. ठरवून वेगळ्या झाल्या. दुसरीबरोबर खेळ जास्त जमेल असं वाटलं त्यांना."

"ठरवून?"

माझ्या डोक्यात ते शिरेचना. जोडी काय अशी ठरवून मोडायची असते? चार महिन्यांनी त्या दोघी एकमेकींसमोर उभ्या राहिल्या, नेटच्या अल्याड एक, पल्याड एक. खेळल्याही अशा की दयामाया नाही. सामना संपल्यावर मात्र नेटवरून गळ्यात पडून दोघी घळाघळा रडल्या. अक्का फोनकडे बघत म्हणाल्या, "मग मोडली कशाला बिचाऱ्यांनी," आणि पदरानं नाक पुसलं.

दुसरा धक्का गुडघ्याचा. मागे सरकता सरकता ती एकदम बसली ती उठलीच नाही. दोघांनी धरून नेली. डावा गुडघा. मी त्या दिवशी एका गिऱ्हाइकाच्या ब्लाउजला दोन्ही बाह्या एकाच बाजूच्या लावल्या, इतकी मी हादरले होते. वर्षभर चॅनलवर जुनेच तुकडे येत राहिले. ती आता संपली, असं सगळे म्हणायला लागले. सगळे म्हणजे चॅनलखाली लिहिणारे लोक, आमच्या गल्लीत कोण म्हणणार! मग ती आली. गुडघ्याला काळा पट्टा, चाल थोडी जड, पण नेटपाशी तीच. आणि त्याच वर्षी तिनं मोठं मेडल घेतलं. अक्कांनी शिरा केला. डेन्मार्कच्या मेडलासाठी जळगावात शिरा! शेजारीण विचारायला आली की कुणाचं काय झालं, तर मी म्हटलं, आमच्याकडच्या एका बाईचं चांगलं झालं.

इकडे लेकही वाढत होती. धुळ्याला पहिली मोठी स्पर्धा झाली तेव्हा तिच्या बापानं ऑफिसातून अर्धी रजा काढली आणि बाकावर बसून नखं खाल्ली. लेक आणि तिची उजवी जोडीदारीण, दोघी अशा फिरत होत्या की माझा श्वास अडकला. हुबेहूब डेन्मार्कवाली! वाकणं तेच, मनगट तेच. समोरच्या मुलीची आई माझ्या शेजारी बसली होती. ती कपाळावर हात मारून म्हणाली, "डावखुरी आहे वाटतं. मग अवघड आहे आमचं." त्या बाईला मी तिथल्या तिथे मिठी मारणार होते. धुळ्याहून येताना गाडीत मी लेकीचा डावा हात मांडीवर घेऊन बसले. ती "आई, सोड ना, घाम येतोय" म्हणत राहिली, पण मी सोडला नाही.

मग अक्का धाकट्या दिराकडे राहायला गेल्या, धरणगावच्या बाजूला खेड्यात. तिकडे शेती, तिकडे जाऊ, आणि जावेची बारकी. चार वर्षांची पोर. हिचंही तेच! सगळं डाव्या हातानं. मला वाटलं, आता काळजी नाही, अक्कांनी स्वतः शिरा केलेला आहे.

एका सकाळी त्यांचा फोन आला. बारकीसाठी दोन फ्रॉक शीव, लांब बाह्यांचे. आणि डाव्या बाहीला तळ लाव.

मला वाटलं मी चुकीचं ऐकलं. पुन्हा विचारलं. त्यांनी पुन्हा तेच सांगितलं, वर म्हणाल्या की तोवर जावेनं जुन्या फ्रॉकलाच हातानं टाके घातलेत.

"अहो अक्का, डेन्मार्कवाली..."

"ती खेळाडू शे," अक्का म्हणाल्या. आणि मग त्यांच्या बोलीत त्यांनी मला जे सुनावलं त्याचा अर्थ असा होता की रॅकेट धरायला डावा हात चालतो, ते मी मान्य केलं, तुझ्या पोरीला सोडलं. पण या पोरीला कुठे खेळायचं आहे? हिला उद्या भाकरी वाढायची आहे, ओटी भरायची आहे, पाव्हण्याच्या हातात पाण्याचा तांब्या द्यायचा आहे. तुझी डेन्मार्कवाली घरात पाणी कोणत्या हातानं पिते? पोराला घास कोणत्या हातानं भरवते? ते पाहिलंस का कधी?

ते मी पाहिलं नव्हतं. चॅनलवर नुसता खेळ असायचा. किती वर्षं मी समजत होते की मी ही लढाई जिंकले, आणि अक्कांनी मला फक्त खेळाच्या मैदानापुरती सूट दिली होती! माझ्या डोळ्यांसमोर ती बाही आली. आतली बोटं आली. मी फोनवर ओरडलेच. "महिनाअखेरीला तिचा शेवटचा सामना आहे! निवृत्त होतेय ती. तुम्ही सगळ्या जळगावला या. या वेळी अख्खा सामना टीव्हीवर दाखवते, तुकडे नाहीत. सामना झाला की ती पाणी पिईल, सह्या करेल, डोळे पुसेल. बघा कोणत्या हातानं ते!"

अक्का मग म्हणाल्या, "बरं. दखाड तुन्ही डेन्मार्कवाली. पण नही दिसनं ना तसं, मग मन्हा समोर मशीनवर बसशी."

मी म्हटलं, बसेन. माझ्या तोंडाला कधी लगाम होता का!

लेकीला सांगितलं तेव्हा ती एकदम म्हणाली, "आई, टीव्हीवर कशाला? त्यांना उगाच एवढ्या लांबून..." मी म्हटलं, तू फक्त ते काय पैसे भरून लावायचं असतं ते लाव. ती काही तरी बोलणार होती. मी भाजी निवडत होते, तिच्याकडे पाहिलं नाही.

सामन्याच्या दिवशी दुपारीच सगळ्या आल्या. अक्का, जाऊ आणि बारकी. बारकीची डावी बाही पांढऱ्या दोऱ्यानं शिवलेली, टाके वेडेवाकडे. ती पिशवी छातीशी धरून ती दारात उभी राहिली आणि चप्पल काढताना भिंतीला खांदा टेकवला, कारण दुसऱ्या हाताचा आधार नव्हता. मी तसाच खांदा टेकवायचे.

संध्याकाळी मी टीव्हीसमोर सतरंजी घातली, शेव-मुरमुरे मांडले. तिकडे हॉल खच्चून भरलेला. दिवे मंद केले, आणि ती आली. सगळे उभे राहून टाळ्या वाजवत होते. मीही उभी राहिले. चेहऱ्यावर सुरकुत्या आल्या होत्या, पण तीच ती. अक्कांना कोपरानं ढोसलं, "आली बघा, आली!"

पहिली नजर गेली ती गुडघ्यावर. काळा पट्टा उजव्या पायाला. मी म्हटलं, "अगं बाई, दुसराही गेला!"

मग तिनं रॅकेट उचलली. उजव्या हातात.

मला वाटलं, नुसतीच धरली आहे, आता बदलेल. ती सर्व्हिसला उभी राहिली. शटल डाव्या हाताच्या चिमटीत, रॅकेट उजव्या. मारलं. समोरून परत आलं, तिनं खाली दाबलं, तेच वाकणं, तेच मनगट, आणि उजवा हात!

"दुखावला असेल डावा," मी म्हटलं. माझाच आवाज मला कुठून तरी लांबून आल्यासारखा वाटला. "शेवटचा सामना आहे, कशीबशी खेळतेय बिचारी."

अक्का पुढे सरकल्या, चष्मा वर केला. "हाऊ त जेवना हात शे," त्या म्हणाल्या. जेवना म्हणजे जेवायचा, उजवा.

जोडीदारीण, तीही उजवी. समोरच्या दोघींपैकी एक उजवी, एक डावी. फलकांवरची अक्षरं साधी, एबीसीडीची, माझ्या लेकीनं पहिलीत वाचावीत अशी. माझ्या पायाखालची जमीन सरकली म्हणतात ना, ते मी सतरंजीवर बसल्या बसल्या अनुभवलं. अख्खा देश माझ्या डोळ्यांसमोर उलटा झाला. मी लेकीकडे पाहिलं. ती टीव्हीकडे बघतच नव्हती. ती माझ्याकडे बघत होती.

मी उठून स्वयंपाकघरात गेले. ती मागोमाग आली.

"आई, ते चॅनलवाले दुसऱ्याचे व्हिडिओ चोरून टाकतात. पकडले जाऊ नयेत म्हणून उलटे करून टाकतात. आरशात दिसतं तसे. ती पहिल्यापासून उजवीच आहे."

"तुला कधी कळलं?"

"पुष्कळ दिवस झाले. शिबिराला गेले होते ना, तिथे एका मुलीच्या फोनवर खरा सामना पाहिला."

"आणि तू मला सांगितलं नाहीस?"

"तू अक्कांशी तिच्या जिवावर भांडायचीस," ती म्हणाली. "ती काढून घेतली असती तर तू कशाच्या जिवावर भांडली असतीस? आणि मला तर ते उलटंच बरं पडलं. ती उलटी होती म्हणून मला जशीच्या तशी उचलता आली. सरळ असती तर मला मनात फिरवून घ्यावं लागलं असतं."

मी ओट्याला धरून उभी राहिले. इतकी वर्षं मला वाटत होतं की मी पोरीला सांभाळते. हिनं मला सांभाळून घेतलं होतं, आणि मला पत्ता नाही! राग आला, लाज वाटली, आणि तिला जवळ घ्यावंसंही वाटलं, सगळं एकदम. "आता बारकीचं काय करू गं?" एवढंच माझ्या तोंडून निघालं. तिलाही सुचत नव्हतं.

बाहेर आलो तेव्हा सामना संपत आला होता. डेन्मार्कवाली हरली. ती कोर्टच्या मधोमध गुडघ्यावर बसली आणि डोळे पुसायला लागली. उजव्या हातानं. तिची ती जुनी जोडीदारीण, जिच्याशी तिनं जोडी मोडली होती, ती प्रेक्षकांतून धावत आली आणि तिच्या शेजारी खाली बसली. एरवी अक्का आणि मी या दृश्यावर आठवडाभर बोललो असतो. अक्कांनी बटण दाबून आवाज बंद केला आणि म्हणाल्या, "चाल. मशीन काढ."

त्यांच्या बोलण्यात डंख नव्हता. तेच मला जास्त लागलं. ठरल्याप्रमाणे म्हणत होत्या त्या.

मी मशीनवरची चादर काढली. बारकीसाठी आणलेलं पिवळं कापड टेबलावर पसरलं. कात्री घेतली. आणि काय झालं कुणास ठाऊक, ती मी डाव्या हातात घेतली. ठरवून नाही. कापडाला लावली आणि दाबली. कापड कापलंच जाईना. पात्यांमध्ये दुमडायला लागलं, चोळामोळा व्हायला लागलं. अंगठा कुठे घालायचा ते हाताला कळेना. मी आणखी जोर लावला.

जाऊ हसली. "ताई, हे काय करताय?"

"मी डावरी आहे," मी म्हटलं. "जन्माची. चार वर्षांची होते तेव्हा माझ्या आईनं माझी बाही शिवली."

लेक दारात उभी होती, तिचं तोंड उघडंच राहिलं. तिलाही हे ठाऊक नव्हतं. अक्का हळूहळू सतरंजीवरून उठल्या, गुडघ्यावर हात टेकत.

"आतेलोंग सांगं कसं नही?"

"आईनं सांगितलं होतं, सासरी बोलू नको."

आता ओरडतील, असं मला वाटलं. माझ्या हातचं इतकी वर्षं जेवलेल्या, त्यांच्या देवाला माझ्या हातचा नैवेद्य गेलेला. मी मान खाली घालून उभी राहिले. अक्कांनी माझ्या हातातली कात्री काढून बाजूला ठेवली. माझा डावा हात दोन्ही हातांत घेतला, उताणा केला, परत पालथा केला. बोटं एकेक करून पाहिली. मग विचारलं,

"याले काय काय येत व्हतं?"

मी सांगायला तोंड उघडलं. आणि मला काही सांगता येईना. खडू धरायचे, एवढं आठवलं. त्यानं काय काढायचे? चेंडू टाकायचे का? फुलं ओवायचे का? काहीच आठवेना. एका हातानं अख्खा जन्म माझ्या खांद्याला लटकून काढला आणि त्याला काय येत होतं ते मलाच माहीत नाही. लेकीच्या हाताला काय येतं ते मी धुळ्यापासून जळगावपर्यंत गाडीत मांडीवर घेऊन बसले होते, आणि माझा?

"नाही माहीत, अक्का," मी म्हटलं. "बघायलाच मिळालं नाही." आणि मग मी रडले. चारचौघांत, नाक ओढत, पोरासारखी.

अक्का माझा हात धरून तशाच उभ्या होत्या. मग त्यांनी तो सोडला, गळ्यातल्या पोतीला अडकवलेली सेफ्टीपिन काढली आणि बारकीसमोर खाली बसल्या. तिची बाही मांडीवर घेतली आणि टाके उसवायला लागल्या. चष्म्यातून नीट दिसत नव्हतं, एक टाका चुकायचा, परत पिन घालायच्या. मी पुढे झाले तर त्यांनी मला कोपरानं मागे सारलं. शेवटचा दोरा दातानं तोडला.

हात बाहेर आला. ओला, पांढरट, नखांत कापडाची लव. बारकीनं तो हलवलाच नाही. पिशवीत असायचा तसाच मूठ करून छातीशी धरून ठेवला.

अक्कांनी फळीवरच्या डब्यातून राजगिऱ्याचा लाडू मागून घेतला आणि तिच्यापुढे धरला. बारकीनं उजवा हात पुढे केला.

अक्कांचा चेहरा त्या क्षणी कसा झाला ते मी विसरणार नाही. इतक्या थोड्या दिवसांत पोर शिकलीही होती.

त्यांनी लाडू मागे घेतला. दुसऱ्या बाजूला, तिच्या डाव्या खांद्याजवळ धरला. "हाऊ नही," त्या म्हणाल्या. "तो."

बारकी आईकडे पाहायला लागली, मग माझ्याकडे, मग लाडवाकडे. मूठ छातीशीच. टीव्हीवर आवाजाशिवाय डेन्मार्कवाली सगळ्यांना हात हलवत निघाली होती. अक्का हात लांब करून बसून राहिल्या. वेळ लागला. पण त्यांनी हात खाली घेतला नाही.